फाटकावरचा सात-बारा

आपल्या फाटकाच्या डाव्या खांबावर आता एक गुलाबी डाग तेवढा उरला आहे. तारेच्या ब्रशनं घासला, थिनर लावून पुसला, तरी सिमेंटनं रंग धरून ठेवलाय. सकाळपासून मी उठून उठून तो बघून येते आहे. आजोबांनी पेपरातून डोकं वर न काढता विचारलं, "काल गुडघे दुखतात म्हणत होतीस ना?" मी म्हटलं, दूधवाल्याची वाट बघते. ते म्हणाले, "दूध तापून त्यावर साय आली."

तुम्ही दोघी नाती या क्षणी सामानाच्या गाडीमागं कॅनडातल्या कुठल्या तरी रस्त्यावर आहात. तुमच्या नावानं पाठवलेला कागद कुठल्या तरी विमानतळावर पडून आहे, असं मोबाईल सांगतो. आणि खांबावर काही नाही. हात रिकामे राहिले की मी स्वयंपाकघरातले डबे काढून पुन्हा लावत बसते. ते आज करून झालं, म्हणून लिहायला बसले. क्रमानं लिहिते. तुमच्या चालत्या देशाचे नियम दर आठवड्याला बदलतात, आणि पुढे कधी कोणता नियम कोणी केला यावरून तुमचं भांडण होणार हे मला आत्ताच दिसतंय.

हा देश थोरलीचा. तुमचे बाबा फोनवर म्हणाले होते की कामाची जागा बदलतेय, पुन्हा घर बदलावं लागणार. आधीही दोनदा बदललं होतं. त्यानंतरच्या रविवारी आमच्याकडे सकाळ, तुमच्याकडे शनिवारची रात्र, तेव्हा व्हिडिओवर धाकटीनं पडलेला दात दाखवला, बाहुली दाखवली, आणि थोरली मागं टोपी डोळ्यांवर ओढून बसली होती. पुढच्या रविवारीही तसंच. मग एकदा तिनं न बोलता कॅमेऱ्यासमोर एक नकाशा धरला. त्यात सगळ्याला पाय होते. डोंगरांना, विहिरींना, शाळेला. त्या देशात नद्या रात्रीतून कूस बदलतात. घरं अंधार पडला की उठून चालू लागतात आणि सकाळी दार उघडावं तर समोर भलताच रस्ता. शाळा रोज शोधून काढावी लागते.

मी विचारलं, "मग पोस्टमन काय करतो?"

हा माझा स्वभाव. केडगावच्या मिशनमधल्या बाईंनी मला लहानपणी इंग्रजी शिकवलं ते व्याकरणाच्या बाजूनं, आणि पुढं शिरूरच्या शाळेत मीही ते तसंच शिकवलं. नियम आला की मला त्याचा अपवाद लागतो. थोरलीनं कित्येक दिवसांनी माझ्याकडे सरळ बघितलं आणि इंग्रजीत सांगितलं की तिथे पोस्टमनच नाही. मी म्हटलं, "मराठीत सांग. माझा इंग्रजीचा तास कधीच संपला."

ती थांबत थांबत म्हणाली, "पोस्टमन नाही आहे. म्हणून कोणाला काही पोचत नाही."

तिथून आपले रविवार सुरू झाले. मी विचारायचं आणि तिनं उत्तर शोधायचं. झाडं चालतात तर पक्ष्यांची घरटी? दुकानदाराचं दुकान रात्री निघून गेलं तर उधारी कुणाकडे? धाकटीचं काम आवाज काढण्याचं. डोंगर बसताना कसा आवाज करतो ते ती करून दाखवायची, आणि तो इकडच्या म्हशीच्या बसण्यासारखा होता हे मी तिला कधी सांगितलं नाही.

मग एका रविवारी थोरलीनं सांगितलं, त्या देशात एक खूण आहे. ज्या घराच्या दारावर ती असेल ते घर चालू शकत नाही. तिनं तिला जहाजाच्या नांगराचं इंग्रजी नाव ठेवलं होतं. मी म्हटलं, आपल्याकडे नांगर म्हणजे शेत नांगरायचा, तो उलट चालतच राहतो. दुसरं नाव शोधू. मग मी तिला 'ठाण' हा शब्द दिला. बांधावरच्या चिंचेखाली शेंदूर लावलेला दगड आहे ना, ते देवाचं ठाण. आणि कोणी येऊन बसला आणि उठायचं नावच घेत नसेल तर त्यानं ठाण मांडलं म्हणतात. तिला दोन्ही अर्थ आवडले. दुसरा जास्त.

ठाण कसं दिसतं तेही तिनंच ठरवलं. वर एक आडवी रेघ, ते छप्पर. तिच्या मध्यातून खाली फाकलेल्या तीन रेघा, ती मुळं. रंग लालच हवा. काढायचं घरातल्या सगळ्यात म्हाताऱ्या माणसानं. त्यात खरं म्हणजे आजोबा बसत होते, पण ते मधे हसले म्हणून बाद झाले. आणि बाजूला त्या घरातल्या मुलांची वयं लिहायची, म्हणजे ती मुलं जगात कुठेही असली तरी ते दार त्यांना सापडतं. धाकटी सात वर्षांची, थोरली बारा. धाकटीचं वय आधी, कारण ती रडली.

"तुझं घर कधी हललंय का आजी?" थोरलीनं विचारलं.

"लग्न होऊन आले तेव्हापासून इथंच आहे. पत्रे जाऊन स्लॅब आली तेवढंच."

"मग त्याच्यावर लाव. एक तरी घर पाहिजे ना."

ते "एक तरी" तिनं इतक्या सहज म्हटलं की मी पुढचा प्रश्न विचारला नाही. फाटकाला लावलेला रेड ऑक्साइड डब्यात उरला होता. आजोबांनी मोबाईल धरला, तुम्ही दोघी त्यात बसून "अजून खाली, अजून जाड" सांगत होतात, आणि मी खांबावर ठाण काढलं. छप्पर, तीन मुळं, आणि बाजूला ठळक अक्षरात 7/12. तुम्ही टाळ्या वाजवल्या. मला तर ते फार सुबक वाटलं.

आजोबांनी मोबाईल बंद केला, दोन पावलं मागं जाऊन चष्मा नीट केला आणि म्हणाले, "अगं, आपला सात-बारा फाटकावर का लावलास?"

तुम्हाला हे तिकडं कळणार नाही म्हणून सांगते. इथे जमीन कुणाच्या नावावर आहे हे ज्या सरकारी उताऱ्यावर लिहिलेलं असतं त्याला सात-बारा म्हणतात. शाळेत न गेलेलं माणूसही तो आकडा ओळखतं. मी या मातीत एवढी वर्षं काढली, पण लिहिताना मला फक्त तुम्ही दोघी दिसत होतात, एक सातची आणि एक बाराची. आणि वरची रेघ, खाली तीन फाटे, हे तर थेट मोजणीवाले दगडावर मारतात तसं. कारेगावच्या बाजूला कंपन्या आल्यापासून आपल्या भागात दर वर्षी कुणी ना कुणी सांगतं की आता रस्ता रुंद होणार, आता इकडची जमीन घेणार. होतं काही नाही. पण लाल रंगाची खूण दिसली की माणसं गाडी थांबवतात.

पहिले आप्पा आले. आप्पा म्हणजे शेजारचे ऊसवाले, पाटसच्या कारखान्याच्या प्रत्येक सभेत पुढच्या रांगेत बसणारे. ते फाटकाबाहेरच उभे राहिले, जणू आत यायची परवानगी आता दुसऱ्या कुणाकडून घ्यावी लागेल.

"वहिनी, हे कवा झालं?"

"आत्ताच. मीच काढलंय."

"तुम्ही?"

"नातींसाठी. त्यांचा एक देश आहे, खेळातला. त्यात ज्या घरावर ही खूण असते ते घर हलत नाही."

आप्पांनी आजोबांकडे बघितलं. आजोबा म्हणाले, "खरं सांगतेय ती."

"आन् सात-बारा?"

"ती त्यांची वयं."

आप्पांनी खांबावरच्या रंगाला बोट लावून बघितलं. मग हळू आवाजात म्हणाले, "न्हाई सांगायचं तर ऱ्हाऊ द्या वहिनी. पण मग येवढं तरी सांगा, आमच्या बाजूला किती येतंय?"

दुपारपर्यंत फोटो सगळीकडे फिरला. लोक येत, मी सांगत असे, लोक मान डोलवत आणि माझ्यावरचा विश्वास थोडा कमी करून परत जात. एक जण म्हणाला, बाईंना इंग्रजी येतं, यांना वरून कागद आला असणार. दुसरा म्हणाला, मुलगा परदेशात आहे म्हटल्यावर त्यांना काय फिकीर. चालत्या देशाबद्दल जितकं नीट सांगावं तितकं ते अधिक रचलेलं वाटायचं, कारण मी फारच नीट सांगत होते.

शेवटी मला जे येतं ते मी केलं. एका पुठ्ठ्यावर स्वच्छ अक्षरात लिहिलं: "हे मोजणीचं चिन्ह नाही. कोणीही घाबरू नये." आणि खांबावर टांगलं. खाली सही करावी की नाही याचा विचार करून सहीही केली. दुसऱ्या दिवशी सकाळी रस्त्यावर नेहमीपेक्षा दुप्पट माणसं. आजोबा म्हणाले, "तू मला सांग, घाबरू नये असं सरकार कधी लिहितं? घाबरण्यासारखं असलं की." मी पुठ्ठा काढला. मग लोक म्हणाले, पुठ्ठा काढला म्हणजे नक्की झालं.

या सगळ्यात एक माणूस आलं नव्हतं. कालव्याच्या चारीपलीकडच्या मामी. तुम्हाला आठवत असतील, मागच्या वेळी तुम्ही आलात तेव्हा धाकटीला कोकरू मांडीवर दिलं होतं त्या. त्या रोज आपल्या फाटकावरून म्हैस नेतात आणि मला हाक मारून जातात. आता म्हैस चारीच्या कडेनं लांबून जाऊ लागली. मी विचारलं तेव्हा आजोबा म्हणाले, त्यांचा मुलगा कारेगावात खोली बघतोय. कंपनीत कामाला आहे तिथेच. घर जायच्या आधी आपणच निघालेलं बरं, असं तो म्हणतो.

मी चप्पल घालून चारी ओलांडून गेले. मामी ओट्यावर बसल्या होत्या. पुढ्यात गोधड्यांचा गठ्ठा, दोरीनं बांधलेला. त्यांनी मला बस म्हटलं नाही. दोरीची गाठ चाचपत म्हणाल्या, "बाई, मला खरं सांगा. कवा उठायचं?"

मी खाली जमिनीवरच बसले. आणि मग आप्पांना सांगितलं तसं नीट न सांगता मी मधूनच सांगायला लागले. थोरली टोपी ओढून बसायची तिथून. तिचं घर पुन्हा बदलतंय, म्हणून तिनं असा देश काढलाय की जिथं सगळीच घरं रात्री उठून चालतात.

मामींचा हात गाठीवरून बाजूला झाला. "रोज उठत्यात?"

"रोज."

"मग काय झालं," त्या म्हणाल्या. "आमचा वाडा बी रोज उठायचा."

मामींचं माहेर मेंढरं घेऊन फिरणारं. दिवाळीनंतर कोकणाकडे उतरायचं आणि पावसाआधी परत. आता तेही सगळे शेतीवर स्थिर आहेत, पण मामींचं लहानपण चालण्यात गेलं. मी म्हटलं, हे तुम्ही तिला सांगा. रविवारी या. त्या म्हणाल्या, मला त्या मोबाईलमधी बोलता येत न्हाई, ते आपलंच तोंड दाखवतंय. पण आल्या. डोक्यावर पदर नीट घेऊन, नवं लुगडं नेसून.

तो संवाद मी जसाच्या तसा लिहून ठेवते, कारण तुम्ही तो पुढे चुकीचा सांगाल.

"पोरी, आमचा वाडा रोज उठायचा बघ," मामी म्हणाल्या.

थोरलीनं एकदम टोपी मागं सारली. पुण्याला आली होती तेव्हा तिला एक दगडी वाडा दाखवला होता, मोठ्या दरवाजाचा. ती म्हणाली, "पूर्ण वाडा?"

"पुरा. सकाळी उठायचा, संध्याकाळी उतरायचा."

"त्याला किती पाय होते?"

"कुणाला?"

"वाड्याला."

मामी विचारात पडल्या. बोटांवर हिशेब करू लागल्या. "घोडीचं चार. कुत्र्याचं चार. माझं दोन. मेंढरांचं कोण मोजतंय."

"मेंढ्या घराच्या आत होत्या?"

"घर कुठं व्हतं गं?"

मी मधे पडले. त्यांच्यात मेंढरं, घोडी, माणसं आणि बिऱ्हाड मिळून जो तांडा चालतो त्यालाच वाडा म्हणतात, हे सांगितलं. मग धाकटीनं विचारलं, "कोंबड्या चालत यायच्या?"

"छ्या. कोंबड्या घोडीवर. बिऱ्हाडावर पाय बांधून बसवायच्या. सगळ्यात उंच त्याच. वाटंनं आम्हांला शिव्या दिल्यासारख्या कलकलायच्या."

धाकटीनं ताबडतोब तो आवाज काढला. मामी तोंडाला पदर लावून हसल्या. त्या दिवशी आपण ठाणाबद्दल बोललोच नाही.

पण मला बोलावं लागणार होतं. त्या आठवड्यात एक गाडी फाटकाशी थांबली, दोघे उतरले, खुणेचा फोटो काढला आणि आप्पांना विचारलं, इकडं कुणाला विकायची आहे का. त्यानंतर मामींचा मुलगा खोलीचं पक्कं करतो म्हणू लागला. मामी मला म्हणाल्या, "तुमचा खेळ मला कळतो बाई. पण माझ्या पोराला न्हाई कळत. ती खूण हाय तोवर तो ऐकत न्हाई, आन् मला झोप न्हाई."

म्हणून पुढच्या रविवारी मी थोरलीला म्हटलं, नुसते आकडे पुसू का? वय कशाला हवं, ठाण तर राहील.

"मग आम्ही त्यात नाही," ती म्हणाली.

"आहात की. नुसता आकडा नाही."

"नाही आजी. आकडा पुसला तर ते फक्त तुझं घर. आम्हाला ते सापडणार नाही. तू नियम ऐकला होतास."

मी म्हटलं, इथे खरी माणसं घाबरली आहेत. त्यावर ती म्हणाली, "मी पण खरी आहे." आणि स्क्रीन काळी झाली.

पुढचा आठवडा कसा गेला ते सांगण्यासारखं नाही. मी खांबाशी जायची आणि परत यायची. आजोबा म्हणाले, "एक तर पूस, नाही तर ठेव. सारखी ये-जा करून तूच त्या देशातली झाली आहेस." तुमच्या बाबांना फोन केला तर ते खोकी भरत होते. थोरली तिची खोकी भरू देत नाही म्हणाले. निघायचा दिवस जवळ आला होता. मला माझ्या घराचं कधी काही वाटलं नाही, ते होतंच. आता मात्र त्या लाल रेघांकडे बघताना वाटायचं की ही पुसली तर खरंच काहीतरी सुटेल आणि ठेवली तर चारीपलीकडे गोधड्यांचा गठ्ठा तसाच बांधलेला राहील.

शनिवारी संध्याकाळी मामी म्हैस घेऊन पुन्हा आपल्याच रस्त्यानं आल्या. खांबाशी थांबल्या. म्हणाल्या, "उद्या मी येती. मला पोरीला एक सांगायचं ऱ्हायलं."

तुम्ही कॅमेऱ्यात आलात तेव्हा थोरली बाजूला बघत होती. मामींनी कशाचीही प्रस्तावना केली नाही.

"पोरी, आमच्या वाड्यात देव व्हता. हे येवढासा. घोंगड्यात गुंडाळून घोडीवर. मुक्कामाला गेलं की आधी त्याला उतरवायचं, मग चूल, मग मेंढरांभवती वाघर, म्हंजी जाळं, आन् शेवटाला कुत्रं बांधायचं."

थोरलीनं मान वळवून मामींकडे बघितलं.

"तुझं ते ठाण बाईंच्या खांबावर हाय. आन् तू चाललीस लांब. मग तुझ्यासंगं काय?"

"ठाण चालत नाही," थोरली म्हणाली. "तोच नियम आहे."

"आमचा देव बी चालत न्हाई. त्याला कुठं पाय हायती. त्याला उचलायचं."

"तुम्ही कधी त्याला मागे ठेवला?"

"ठिवून कसं चालंल? मागं त्याला कोण वळखणार, आन् पुढं आम्हाला?"

थोरलीनं नकाशा समोर ओढला. मागं खोकी दिसत होती, काही भरलेली, काही उघडी. मग तिनं मला विचारलं, "पुसायचं नाही. उचलायचं. करता येईल?"

"करता येईल," मी म्हटलं. "पण मग माझं घर चालायला लागलं तर?"

तिनं विचार केला. "तुझं घर खूप म्हातारं आहे आजी. ते नाही चालणार."

आजोबा पेपरामागं हसले, पण यावेळी बाद झाले नाहीत.

उचलायचं कसं हे माझ्यावर सोडलं होतं. मी आजोबांना शिरूरहून बटर पेपर आणायला लावला, खांबावर चिकटपट्टीनं लावला आणि पेन्सिलनं रेघ न् रेघ उतरवून घेतली. सिमेंटच्या खडबडीमुळे रेघा थोड्या थरथरल्या, त्या तशाच ठेवल्या. मग त्याच डब्यातला रंग भरला. मामींनी कोपऱ्यात हळदी-कुंकवाचं बोट लावलं. ते पसरलं, कागदावर डाग पडला आहे, तो माझ्या हातचा समजू नका. रंग वाळल्यावर मामी म्हणाल्या, आता पुसा, आन् पुसताना आमच्या वस्तीकडं तोंड करा, पोराला दिसू द्या. त्यांचा मुलगा चारीवर उभा राहून बघत होता. मी ब्रश घासत होते आणि त्यानं तिथूनच विचारलं, "काकू, मग खरंच काय न्हवतं?" मी म्हटलं, "होतं. पण तुझं नव्हतं." तो चारीवरून उतरला आणि घरात गेला. खोलीचं तो आता काही बोलत नाही. मामींनी गोधड्या सोडल्या की नाही ते मी विचारलेलं नाही.

कागद घेऊन आम्ही दौंडला गेलो, तिथं आजोबांचं बँकेचं कामही होतं. कुरियरच्या खिडकीतल्या मुलीनं गुंडाळी उघडून बघितली. "आजी, प्रॉपर्टीचे पेपर असतील तर वेगळं लिहावं लागेल."

"चित्र आहे."

"सात-बारा लिहिलाय की."

"माझ्या नातींची वयं आहेत."

तिनं माझ्याकडे बघितलं, मग आजोबांकडे. आजोबा म्हणाले, "लिहा चित्र. वाद घालू नका, ही अख्खा तास घेईल." नव्या घराचा पत्ता मी दोनदा तपासून घातला, कारण जुना माझ्या हाताला सवयीचा आहे.

दुसऱ्या दिवशी आप्पा फाटकाच्या आत आले. चहा मागितला. "मोजणी रद्द झाली म्हणं, वहिनी."

"कोण म्हणतं?"

"सगळीच म्हणत्यात. मी तालुक्याला बोललो व्हतो, तवा म्हटलं आपलं वजन पडलं असंल." त्यांनी बशीत चहा ओतला. "तुमचं नाव कुठं येऊ दिलं न्हाई, काळजी करू नका."

मी त्यांचे आभार मानले.

तर असं आहे. कागद वाटेवर आणि तुम्हीही वाटेवर, आणि थोरलीच्या नियमाप्रमाणे पाहिलं तर या घडीला ठाण कुठेच नाही. असा मधला काळ नियमात नाही हे मला पुसून झाल्यावर लक्षात आलं. नाही तर मी तिला आधीच विचारलं असतं. परवापासून तुमच्या बाबांचा फोन लागत नाही. गाडी चालवत असतील. थोरली नव्या घराच्या पायरीवर बसून आत जायला नाही म्हणेल, हे मला दिसत राहतं. मी पुन्हा उठून खांब बघून आले. गुलाबी डागात अजून छपराची रेघ ओळखू येते, पण ते मलाच.

इथपर्यंत लिहिलं आणि मोबाईल वाजला. थोरलीचा आवाज, रेकॉर्ड केलेला. मागं पावलांचा आणि काहीतरी ओढत नेल्याचा आवाज. ती म्हणते, "आजी, वाडा उतरला. कागद अजून आला नाही. चूल पण नाही, पिझ्झा मागवलाय. धाकटी सगळ्यात उंच खोक्यावर बसून ओरडते आहे. मामींना सांग."

मी तसाच मोबाईल हातात घेऊन चारीपर्यंत गेले. मामी पलीकडे म्हैस बांधत होत्या. मी मोबाईल उंच धरून आवाज ऐकवला. पहिल्यांदा वाऱ्यानं काही कळलं नाही, म्हणून पुन्हा लावला. मामींनी शेवटपर्यंत ऐकलं, दावं खुंटीला अडकवलं आणि ओरडून विचारलं,

"कुत्रं बांधलं का म्हणावं?"